मॅडलिन प्यू : 'आय लव्ह लूसी'च्या लेखिकेचं नेमकं काम काय होतं?

तिसरी_घंटा

विनोदी लेखनाच्या कार्यशाळेत तीन तासांचं एक सत्र मॅडलिन प्यू हिच्यावर घ्यायचं आहे. 'आय लव्ह लूसी' या पन्नासच्या दशकातल्या अमेरिकन विनोदी टीव्ही मालिकेची ती लेखिका. मुलं एकांकिका आणि वेबमालिका लिहिणारी आहेत. मालिकेची नायिका लुसिल बॉल त्यांना माहीत आहे, चॉकलेटच्या सरकत्या पट्ट्याची क्लिप सगळ्यांनी मोबाइलवर पाहिली आहे, पण ती कुणी लिहिली हे विचारलं की शांतता.

तिच्याबद्दल वाचायला मिळतं ते दोन टोकांचं. एकीकडे 'खरी लूसी हीच', दुसरीकडे श्रेयनामावलीतल्या तीन नावांपैकी मधलं नाव, बास. मला कामाच्या गोष्टी हव्यात:

तिघांच्या टेबलावर तिच्या वाट्याचं काम कोणतं? पडणं, सांडणं, तोंडात कोंबणं हे कागदावर कसं उतरायचं? इतकं करून नाव मागे का राहिलं? आणि दाखवायला कोणते भाग घ्यावेत? तीन-चारच घेता येतील.

विंगेतून

दुसऱ्या प्रश्नापासून सुरुवात करतो, कारण तिची खरी ओळख तिथे आहे.

लुसिल बॉल सेटवर उभी राहून सुचेल ते करायची, असं बहुतेक जण धरून चालतात. तसं नव्हतं. संहितेत हालचाल न् हालचाल लिहिलेली असायची. संवादांपासून वेगळी दिसावी म्हणून ही सगळी रंगसूचना कॅपिटल अक्षरांत टाइप होई आणि या मजकुराला त्यांच्या ऑफिसात 'ब्लॅक स्टफ' म्हणत. टाइपरायटरवर मॅडलिन असायची. लुसिल बॉलचं मोठेपण यात होतं की त्या काळ्या मजकुरातली एकही गोष्ट ती गाळत नसे आणि तरी बघणाऱ्याला ते आत्ताच सुचल्यासारखं वाटे. म्हणजे नटी जितकी चांगली, तितका लेखक अदृश्य. तुमच्या तिसऱ्या प्रश्नाचं अर्धं उत्तर इथेच आहे.

आता मॅडलिनचा वाटा. तिचा जोडीदार बॉब कॅरोल ज्युनियर आणि वरचा लेखक-निर्माता जेस ओपनहायमर, दोघेही पुरुष. कागदावर गमतीदार वाटणारी करामत बाईच्या अंगाला जमेल का, हे बघायला टेबलाशी एकच माणूस उपलब्ध होतं. त्यामुळे करामती आधी मॅडलिन स्वतः करून बघायची. लूसी एकचाकी सायकल चालवते अशी एक कल्पना निघाली होती. मॅडलिन त्या सायकलवर बसली, जाऊन भिंतीवर आदळली, आणि कल्पना रद्द झाली.

हा किस्सा लोक गंमत म्हणून सांगतात, पण कामाच्या दृष्टीने ती पद्धत होती. करून बघितलं की खुर्चीत बसून कळत नाही असं बरंच कळतं. हात तिथवर पोचतो का? एका हातात वस्तू असताना दुसऱ्या हाताने दार उघडता येतं का? हे करताना बोलता येतं का, की संवाद आधी संपवायला हवा? आपल्याकडे एकांकिकांच्या संहितेत 'गडबडीत सामान पडतं' एवढं लिहून लेखक मोकळा होतो आणि मग तालमीत तीन दिवस कुठलं सामान, कुठल्या हातातून, कुणाच्या वाक्यावर याचा घोळ चालतो. 'आय लव्ह लूसी'ला तालमीसकट चारच दिवस मिळत. तो घोळ टाइपरायटरवरच निस्तरावा लागे.

चॉकलेटचा भाग घ्या. नाव 'जॉब स्विचिंग', प्रक्षेपण १५ सप्टेंबर १९५२, दुसऱ्या सीझनचा पहिला. मुलांनी क्लिप पाहिली आहे, पूर्ण भाग पाहिलेला नसणार. पूर्णच दाखवा, कारण पट्ट्याचा प्रसंग भागाच्या उत्तरार्धात येतो आणि तोवर रचलेलं सगळं तिथे वसूल होतं. सुरुवात एका चेकपासून. खात्यात पैसे नाहीत आणि लूसीने चेकच्या मागे बँकेच्या कारकुनाला चिठ्ठी लिहिली आहे की पुढच्या महिन्यापर्यंत हा वटवू नका. त्यावरून भांडण, भांडणातून पैज: बायका नोकरी करतील, नवरे घर सांभाळतील. चॉकलेटच्या कारखान्यात लूसी एका विभागात निकामी ठरते, तिची शेजारीण एथेल दुसऱ्या, आणि शेवटची संधी म्हणून दोघींना चॉकलेटं गुंडाळायच्या पट्ट्यावर बसवतात. एकही पायरी गाळलेली नाही. उडी मारली आहे असं कुठे वाटतच नाही, आणि शेवटी दोन शहाण्या बायका टोपीत चॉकलेटं लपवत असतात.

आता पट्टा जवळून बघा. मुकादमीण आधी नियम सांगते: एक जरी चॉकलेट न गुंडाळता पुढे गेलं तरी नोकरी गेली. मग पट्टा सावकाश सुरू होतो आणि दोघींना जमतं. हे 'जमणं' महत्त्वाचं. नवखा लेखक इथेच घाई करतो आणि पहिल्या सेकंदापासून गोंधळ घालतो. मग वेग वाढतो. सुटलेली चॉकलेटं आधी तोंडात, मग टोपीत, मग ब्लाउजमध्ये, म्हणजे लपवायची प्रत्येक जागा आधीच्यापेक्षा जास्त लाजिरवाणी. मुकादमीण परत येते, पट्टा रिकामा दिसतो, ती खूश होते, आणि वेग आणखी वाढवायचा हुकूम देते. लपवाछपवी यशस्वी झाली हीच शिक्षा. दोघींची तोंडं भरलेली असल्यामुळे त्यांना नाही म्हणताही येत नाही, म्हणजे संवाद बंद करण्याची सोयसुद्धा चॉकलेटनेच केली आहे. आणि भागाच्या शेवटी नवरे सलोखा म्हणून काय आणतात? पाच-पाच पौंडांचे चॉकलेटचे डबे.

एक तालीम करून घ्या: क्लिप आवाज बंद करून लावा आणि मुलांना त्याची रंगसूचना लिहायला सांगा. बहुतेकांची अर्ध्या पानात संपेल. मग थांबवून थांबवून पुन्हा लिहायला सांगा.

कात्रणवही

विंगेतून यांच्या प्रतिसादाशी बराचसा सहमत, पण 'लूसी मॅडलिनने लिहिली' अशी पाटी कार्यशाळेत लावू नका. तीही ती पाटी लावू देत नसे.

कामाची वाटणी साधारण अशी होती. ओपनहायमर, मॅडलिन आणि बॉब एकत्र बसून गोष्ट रचायचे: लूसीला काय हवंय, का हवंय, आड कोण येतं, मोठा प्रसंग कुठला. मग मॅडलिन-बॉब पहिला खर्डा लिहायचे. तो ओपनहायमरकडे गेला की तो संपूर्ण संहिता पुन्हा एकदा स्वतः डिक्टेट करून पक्की करायचा, म्हणजे सगळ्या भागांत पात्रांचा आवाज एकसारखा राहील. तेव्हा छापील संहितेतलं एखादं वाक्य उचलून 'हे मॅडलिनचं' म्हणणं शक्य नाही. म्हणता येतं ते एवढंच की पहिला खर्डा या जोडीचा, करामतीची चाचणी हिची, आणि शेवटचा हात ओपनहायमरचा.

आकडे बघा म्हणजे कामाचा आवाका कळेल. मालिका १५ ऑक्टोबर १९५१ ला सुरू झाली. पहिल्याच सीझनमध्ये ३५ भाग, पुढे ३१, ३१ आणि ३०. म्हणजे पहिल्या चार सीझनचे १२७ भाग, आणि टेबलाशी हे तिघेच. पाचव्या सीझनला, १९५५ च्या शरद ऋतूत, बॉब शिलर आणि बॉब वाइस्कॉफ ही दुसरी जोडी आली. तो सीझन संपल्यावर ओपनहायमर एनबीसी या दुसऱ्या वाहिनीकडे गेला आणि सहावा सीझन दोन्ही जोड्यांनी काढला. आज आपल्याकडच्या दैनंदिन मालिकेत कथा, पटकथा, संवाद यांना वेगळी माणसं असतात. तिथे तीच तीन डोकी सगळं करत होती.

हे एकाएकी आलं नाही. मॅडलिन १९२१ ची, इंडियानापोलिसची. इंडियाना विद्यापीठातून पत्रकारिता करून १९४२ ला बाहेर पडली. पुरुष युद्धावर गेल्यामुळे रेडिओत बायकांना लेखनाच्या नोकऱ्या मिळत होत्या आणि स्थानिक 'वायर' केंद्रावर तिला तशी मिळाली. पुढे लॉस एंजेलिस, आधी एनबीसी, मग सीबीएस. तिथे बॉब कॅरोलशी जोडी जमली. सीबीएसवर लुसिल बॉलची 'माय फेव्हरिट हजबंड' ही रेडिओ मालिका १९४८ मध्ये सुरू झाली तेव्हा दोघे स्टीव्ह ॲलनच्या कार्यक्रमाला बांधलेले होते. लुसिलसाठी नमुना संहिता लिहायला वेळ हवा, म्हणून त्यांनी एका आठवड्याचा कार्यक्रम ॲलनला स्वतःलाच लिहायला लावला आणि त्याचे पैसे आपल्या खिशातून दिले. धंद्यातली गुंतवणूक म्हणून याच्याइतकी फायद्याची दुसरी शोधावी लागेल.

रेडिओचा हा टप्पा सत्रात गाळू नका. टीव्हीच्या सुरुवातीच्या कितीतरी भागांची कथानकं त्या रेडिओ-संहितांवरून उचललेली आहेत. रेडिओत बाई संकटात सापडली हे कुणीतरी बोलून सांगावं लागतं. तेच कथानक टीव्हीला आणताना त्यांनी ते सांगणं काढलं आणि त्या जागी करणं घातलं. जुनं नाटक पडद्यासाठी लिहिणाऱ्याला नेमकं हेच जमत नाही. तो संवाद तसेच ठेवतो आणि वरून हालचाल चिकटवतो, मग प्रत्येक गोष्ट दोनदा कळते.

पैशांबद्दल: मालिकेतला ओपनहायमरचा वाटा २० टक्के होता. त्यातले ५ टक्के त्याने मॅडलिन आणि बॉबला मिळून दिले. तिला कुणी उपाशी ठेवलं, नाव गाळलं असं झालेलं नाही. नाव प्रत्येक भागावर आहे.

तिसरी_घंटा

दोघांचे आभार. मग प्रश्न आणखी टोकदार होतो. नाव प्रत्येक भागावर होतं, पैसे मिळाले, तर 'दुर्लक्षित' म्हणायचं कशाच्या जोरावर?

आणि एक उपप्रश्न. कॅमेऱ्यापुढे प्रेक्षक बसवून चित्रण होत असे म्हणतात. त्याचा लेखनावर काय परिणाम?

ठोकळा_टीव्ही

उपप्रश्नाचं उत्तर देतो, कारण त्याशिवाय त्या संहितांची बांधणी समजत नाही.

एकाच वेळी तीन ३५ मिलिमीटर कॅमेरे, समोर सुमारे ३०० प्रेक्षक, आणि भाग पहिल्या प्रसंगापासून शेवटापर्यंत क्रमाने, नाटकासारखा. छायाचित्रणाला जर्मनीहून आलेला कार्ल फ्रॉइंड. सगळीकडून एकसारखा उजेड पडेल असे दिवे त्याने वर टांगले, म्हणजे तिन्ही कॅमेऱ्यांना एकदमच चित्रण करता येईल आणि दर शॉटला दिवे हलवावे लागणार नाहीत. फिल्मचा १,००० फुटांचा डबा साधारण ११ मिनिटं चालतो. म्हणजे लांबच लांब प्रसंग एका दमात घेता येतो, पण हवा तितका नाही.

लेखकाला यातून काय बंधनं पडतात ते बघा. नायिका भिजणार, माखणार, पिठात लोळणार असेल तर ते प्रसंगाच्या शेवटी ठेवावं लागतं. नाहीतर पुढच्याच मिनिटाला तिला स्वच्छ कशी आणणार? तिला कपडे बदलायला वेळ हवा, तर मध्ये एथेल आणि तिचा नवरा फ्रेड यांचा छोटा प्रसंग हवा, आणि तो नुसता भरणा वाटता कामा नये, त्यात गोष्ट पुढे सरकली पाहिजे. नवीन सेट लागतो तेव्हा घराच्या खोल्यांतलं काम आटोपशीर करावं लागतं. आपल्याकडची दोन अंकी नाटकं लिहिणाऱ्याला हे नवं नाही. फरक इतकाच की दर आठवड्याला नवं.

सगळ्यात मोठी गोष्ट हशा. तो खरा, समोर बसलेल्या लोकांचा. संवादाच्या मागोमाग लगेच दुसरं महत्त्वाचं वाक्य लिहिलं तर ते हशात बुडतं. म्हणून मोठ्या हशानंतर बहुधा हालचाल, प्रतिक्रिया किंवा ऐकू आलं नाही तरी चालेल असं वाक्य येतं. 'लूसी डज द टँगो' (११ मार्च १९५७) हा याचा नमुना. कोंबड्या अंडी देत नाहीत हे नवऱ्याला कळू नये म्हणून लूसी बाजारची अंडी ब्लाउजमध्ये लपवून खुराड्यात ठेवायला निघाली आहे, आणि नेमका तेव्हाच नवरा, रिकी, तिला टँगोच्या तालमीला धरतो. टँगोत शेवटी छातीला छाती भिडते हे प्रेक्षकाला ठाऊक. त्यामुळे नाच सुरू झाल्यापासून लोक वाट बघत असतात. अंडी फुटल्यावरचा हशा ६५ सेकंदांचा, मालिकेतला सर्वांत लांब म्हणून नोंदला गेलेला, आणि प्रक्षेपणासाठी तो कापावा लागला. रंगसूचनेचा लेखक इथे काय करतो? ६५ सेकंद काहीच बोलायला लावत नाही.

तालमीत तिने खरी अंडी वापरली नव्हती. कच्चं अंडं अंगावरून ओघळताना चेहरा कसा होतो ते चित्रणाच्या वेळीच दिसावं म्हणून. तुमच्या मुलांना सांगा, प्रॉपर्टी तालमीत खरी घ्यायची की खोटी हाही लेखनाचाच निर्णय असू शकतो.

कात्रणवही

'दुर्लक्षित' कशाच्या जोरावर, याचं माझं उत्तर: नावाच्या.

पडद्यावर तिची तीन नावं आहेत. सुरुवातीला मॅडलिन प्यू. १९५५ मध्ये तिने क्विन मार्टिनशी लग्न केलं (हाच पुढे 'द फ्यूजिटिव्ह'सारख्या मालिकांचा निर्माता झाला), त्यानंतर 'आय लव्ह लूसी'च्या शेवटच्या काळात आणि १९६२ च्या 'द लूसी शो'वर मॅडलिन मार्टिन. तो संसार १९६० ला संपला होता, तरी पडद्यावर ते नाव राहिलं. १९६४ मध्ये डॉक्टर रिचर्ड डेव्हिसशी लग्न झालं आणि 'हिअर्स लूसी', 'ॲलिस' या मालिकांवर ती मॅडलिन डेव्हिस आहे. मृत्यूनंतरचे लेख मॅडलिन प्यू डेव्हिस म्हणतात. बॉब कॅरोल ज्युनियर मात्र १९४८ ला जो होता तोच शेवटपर्यंत. श्रेयनामावली वाचणाऱ्याला एक पुरुष पन्नास वर्षं काम करताना दिसतो आणि तीन बायका येऊन गेलेल्या दिसतात.

सत्राच्या तयारीसाठी शोधताना तिन्ही आडनावांनी स्वतंत्र शोधा. आणि भागाच्या सुरुवातीला नावं दिसली नाहीत म्हणून थांबू नका. साटिनवर हृदय उमटतं ती सुरुवात पुनःप्रक्षेपणासाठी नंतर केलेली आहे. मूळ प्रक्षेपणात प्रायोजक फिलिप मॉरिस सिगारेट कंपनीचं कार्टून असे. लेखकांची नावं शेवटच्या पाट्यांवर बघा. छोट्या क्लिपांतून ती कापलेली असतात, हे आणखी एक कारण.

दुसरं कारण पुरस्कार. टीव्हीच्या एमी पुरस्कारासाठी लेखनाची नामांकनं झाली, पण 'आय लव्ह लूसी'च्या लेखनाला एमी कधीच मिळालं नाही. रायटर्स गिल्ड या लेखक-संघटनेचा पॅडी चायेफ्स्की लॉरेल पुरस्कार तिला आणि बॉबला मिळून मिळाला तो १९९२ मध्ये. पहिल्या भागानंतर ४१ वर्षांनी.

आणि तिसरं, तिचा स्वतःचा स्वभाव. मुलाखतीत श्रेयाचा विषय आला की ती लुसिलकडे बोट दाखवायची. २००५ मध्ये बॉबच्या साथीने आठवणींचं पुस्तक काढलं, त्याच्याही नावात लूसी आहे आणि मॅडलिन नाही. २०११ च्या एप्रिलमध्ये, वयाच्या ९० व्या वर्षी ती गेली.

त्या पिढीत ती एकटी नव्हती, हेही जाता जाता सांगा. 'युअर शो ऑफ शोज' या विनोदी टीव्ही कार्यक्रमाच्या टेबलावर ल्युसिल कॅलन होती. पेग लिंच 'एथेल अँड अल्बर्ट' स्वतः लिहायची आणि त्यात कामही करायची. गर्ट्रूड बर्गने 'द गोल्डबर्ग्ज' रेडिओवरून टीव्हीवर आणली, १९४९ मध्ये, म्हणजे लूसीच्याही आधी. आज यांतलं किती वाचायला मिळतं?

मूकपट

'नव्वद टक्के लूसी, दहा टक्के लेखक' असं मानणाऱ्यांसाठी एक गोष्ट राहिली. खुणेचे शब्द.

लुसिल बॉलच्या चेहऱ्याच्या ठरावीक प्रतिक्रिया लेखकांनी नावं देऊन ठेवल्या होत्या. संहितेत तो एक शब्द आला की तिला कळे. 'पडलिंग अप' म्हणजे डोळ्यांत पाणी तरारतंय आणि आता भोकाड पसरणार. 'लाइट बल्ब' म्हणजे डोक्यात खूळ आलं. 'क्रेडेन्शियल्स' म्हणजे तोंडाचा आ वासून 'मला? तुम्ही कोण समजता स्वतःला?' असा संताप. आणि 'स्पायडर' म्हणजे वरचा ओठ वर ओढून घशातून काढलेला तो 'ईऽऽऊ'. याचा उगम रेडिओतला: 'माय फेव्हरिट हजबंड'च्या प्रायोजकासाठी, जेलो या जेलीच्या कंपनीसाठी, केलेल्या एका जाहिरातीत ती बालगीतातली मिस मफेट झाली होती, कोळ्याला बघून तिने काढलेला तो आवाज.

हे सोयीपुरतं नाही. एका नटीचा चेहरा वर्षानुवर्षं जवळून बघून, त्यातलं काय पुन्हा पुन्हा चालतं हे टिपून ठेवलेली ती यादी आहे. आपल्या एकांकिकेत 'ती चिडते' लिहिणं आणि आपल्या नटीचं चिडणं नेमकं कसं आहे हे ठाऊक असून लिहिणं यात जो फरक आहे तो इथे दिसतो.

उलट बाजूही मुलांना दाखवा. 'एल.ए. ॲट लास्ट' (७ फेब्रुवारी १९५५). सिनेनट विल्यम होल्डन लूसीची सिगारेट पेटवायला जातो आणि तिचं नकली नाक पेटतं. नाक पेटणं संहितेतलं, मेकअपवाल्याने त्यात वात घालून ठेवलेली. नाक विझवताना कप दोन्ही हातांनी उचलण्याची लकब मात्र लुसिलच्या नावावर सांगितली जाते. म्हणजे मैदान आखून दिलं की खेळाडू त्यात काय भर घालतो ते बघा.

विंगेतून

भागांची निवड. माझा क्रम असा राहील.

आधी 'लूसी डज अ टीव्ही कमर्शियल', ५ मे १९५२. व्हिटामीटाव्हेजामिन नावाच्या टॉनिकची जाहिरात. चॉकलेटच्या आधी हा घ्यायचा, कारण यातली यंत्रणा जास्त उघडी आहे. जाहिरातीचं भाषण आधी एकदा स्वच्छ, पूर्ण ऐकवलेलं आहे. तेवढ्यावर प्रेक्षकाला ते जवळजवळ पाठ होतं. मग प्रत्येक फेरीला एक चमचा घ्यायचा आणि भाषण पुन्हा म्हणायचं. बाटलीत २३ टक्के मद्यार्क. इथे दोन गोष्टी टिपायला सांगा. एक, तिचा काही दोष नाही. चमचा घ्यायला दिग्दर्शक सांगतो आहे, म्हणजे ती आज्ञाधारकपणे झिंगते. दोन, शब्द मोडतात ते एकदम नाही. आधी चेहरा बदलतो, मग चाल, मग एखादं अक्षर, मग शब्दांची अदलाबदल. मूळ भाषण प्रेक्षकाला पाठ नसतं तर मोडलेल्या शब्दावर कुणीच हसलं नसतं. जाहिरातीचं पहिलं स्वच्छ सादरीकरण कापून क्लिप टाकतात त्यांनी अर्धा विनोद फेकून दिलेला असतो.

मग 'जॉब स्विचिंग'. मग 'लूसीज इटालियन मूव्ही', १६ एप्रिल १९५६, द्राक्षं तुडवण्याचा. त्यात लूसी सिनेमात काम मिळावं म्हणून 'स्थानिक रंग' अंगात मुरवायला जाते. गरज तिची, हट्ट तिचा, आणि शेवटी ज्या कारणासाठी गेली त्याच्याच मुळावर येतं. दोन जोड्यांच्या काळातला म्हणून याच्याबरोबर टँगो चालेल. वेळ उरला तर 'हिअर्स लूसी'चा 'लूसी मीट्स द बर्टन्स' (१४ सप्टेंबर १९७०) दाखवा, मॅडलिन-बॉबच्या हातचा. एलिझाबेथ टेलरची अंगठी लूसीच्या बोटात अडकते. वीस वर्षांनंतरही पद्धत तीच: एक वस्तू, एक बोट, आणि निघत नाही.

१९८६ ची 'लाइफ विथ लूसी' मुद्दाम दाखवावी असं मला वाटत नाही, पण ती आपटली हे सांगायला हरकत नाही. १३ भाग चित्रित झाले, ८ च दाखवले गेले. लुसिल बॉल तेव्हा ७५ वर्षांची. लेखक तेच, नटी तीच, करामती त्याच जातीच्या, पण शिडीवर चढलेली बाई ७५ ची असली की प्रेक्षक हसायच्या आधी काळजी करतो. शरीराला जमेल का ही मॅडलिनची जुनी चाचणी इथे वेगळ्या तऱ्हेने अंगाशी आली. शरीराला जमणं आणि बघणाऱ्याला ते निर्धास्त वाटणं या दोन गोष्टी आहेत.

ठोकळा_टीव्ही

त्यांच्या यशस्वी उत्तरार्धाला मात्र फार कमी जागा मिळते. 'द मदर्स-इन-लॉ' (१९६७ ते ६९, एनबीसी) ही मालिका मुळात मॅडलिन आणि बॉबची कल्पना, निर्माता देसी अर्नाझ ('आय लव्ह लूसी'तला रिकी), ५६ भाग. आणि 'ॲलिस', १९७६ ते ८५, तिथे दोघे कार्यकारी निर्माते होते. हॉटेलात वाढपीण म्हणून काम करणारी एकटी आई, नायिका लिंडा लॅव्हिन. एकूण हिशेब सुमारे ४०० टीव्ही कार्यक्रम आणि ५०० रेडिओ कार्यक्रम असा सांगितला जातो. लूसी हे त्यातलं सर्वांत मोठं पान, पण एकच पान.

२०२१ च्या 'बीइंग द रिकार्डोज' या सिनेमात मॅडलिन हे पात्र आहे, तरुणपणीची आलिया शॉकट आणि म्हातारपणीची तीच लिंडा लॅव्हिन. कार्यशाळेत त्यातला लेखकांच्या टेबलाचा तुकडा दाखवायचा मोह होईल. दाखवा, पण पुरावा म्हणून नको. वेगवेगळ्या वेळी घडलेल्या घटना त्यात एका आठवड्यात कोंबल्या आहेत. तिचा खरा आवाज हवा असेल तर टेलिव्हिजन अकादमीच्या संग्रहातली दीर्घ मुलाखत आहे, त्यातला दहा मिनिटांचा भाग लावा.

तिसरी_घंटा

भरपूर मिळालं. आता आखणी अशी करतो: पहिला तास जाहिरात आणि चॉकलेट, दुसरा तास आवाज बंद करून रंगसूचना, तिसऱ्या तासात मुलांनी स्वतः एक करामत लिहायची. या तिसऱ्या तासासाठी काही सूचना?

विंगेतून

विषय मोकळा सोडू नका, सगळ्यांना एकच वस्तू द्या. साडीचा फॉल, गॅसचं सिलिंडर, लग्नाच्या आहेराचं पाकीट, काहीही. मग आधी फक्त तीन ओळी लिहून घ्या: तिला काय हवंय, ते आत्ताच का हवंय, आणि कुणाला कळता कामा नये. या तीन ओळी पक्क्या होईपर्यंत करामतीला हात लावू देऊ नका. बहुतेक संहिता इथेच बिघडतात. पोरं आधी सिलिंडर गडगडवतात आणि मग त्याला कारण शोधत बसतात.

मग करामत पायऱ्यांनी. पहिल्या पायरीला तिला जमलं पाहिजे. दुसरीला थोडं हुकतं आणि ती ते झाकते. तिसरीला झाकलेलं यशस्वी होतं आणि त्यामुळेच संकट वाढतं. तीन पुरे, चौथीची घाई नको. संवाद किती लागतात ते शेवटी बघायचं. कच्च्या खर्ड्यात जितके असतील त्यातले निम्मे सहज उडतात.

आणि मग वस्तू प्रत्यक्ष आणून लेखकालाच करायला लावा. नटाला नाही, लिहिणाऱ्याला. सिलिंडर भरलेलं आणू नका, रिकामंच पंधराएक किलोचं असतं. दुसऱ्याने संहिता हातात धरून मोठ्याने रंगसूचना वाचायची आणि लेखकाने फक्त लिहिलंय तेवढंच करायचं. 'ती सिलिंडर उचलून दारामागे लपवते' असं वाचलं गेलं की दार कुठल्या बाजूला उघडतं हे ठरवलेलंच नाही हे त्याला आपोआप कळेल. खोलीत गादी असू द्या.